शेठच्या दारी ढोल

ढोल वाजला की वकीलनाना जागा सोडत. वरातीत असले तर वरात सोडून उलट्या दिशेने चालू लागत. जेवणावळीत असले तर पानावरून उठून हात धुवायला जात आणि परत येत नसत. मी त्यांच्या हाताखालची वकील. माझ्या लग्नात त्यांनी आहेर दिला, डोक्यावर हात ठेवला आणि मांडवाबाहेर ढोलवाल्याने पहिली थाप मारताच चपला हातात घेऊन गाडीत जाऊन बसले. सासरच्या मंडळींचं धाबं दणाणलं. सुरतेतला एवढा मोठा टॅक्सवाला वकील, मानपानात काही कमीजास्त झालं असणार. नवऱ्याचे मामा टोपी-नारळ घेऊन गाडीमागे धावले. नानांनी काच खाली केली, टोपी मुकाट्याने घातली आणि म्हणाले, "पोरीला नीट सांभाळा. मी रागावलेलो नाही. माझं आणि ढोलाचं पटत नाही, एवढंच."

आम्हा खानदेशी लोकांची देवी कानबाई सुरतेच्या उधन्यात श्रावणातल्या रविवारी बसते आणि सोमवारी वाजतगाजत निघते. नानांच्या घरीही बसायची. नैवेद्याचे रोट व्हायचे, नाना पोटभर जेवायचे आणि सोमवारी सकाळी हजिऱ्याच्या कुठल्यातरी कारखान्यात काम काढून गायब व्हायचे. त्या दिवशी तिकडे काही काम नसतं, हे त्यांच्या ड्रायव्हरपासून देवीपर्यंत सगळ्यांना ठाऊक होतं.

कारण मला आक्कांनी सांगितलं. आक्का म्हणजे नानांची थोरली बहीण. मी नानांच्या हाताखाली वकिली शिकायला लागले तेव्हा दुपारचा डबा आक्काच आणायच्या, आणि डब्याबरोबर घरच्या गोष्टीही यायच्या. त्यांचे वडील शिंदखेड्याकडून उधन्याला आले, जयंतीशेठच्या लूमवर, म्हणजे यंत्रमागावर, लागले आणि पै-पै करून एक खोली त्यांनी स्वतःची केली. एक दिवस शेठने त्यांना ऑफिसात बोलावलं. बसायला खुर्ची दिली, चहा दिला आणि काही कागदांवर सह्या घेतल्या. खुर्ची मिळाली याचंच त्या माणसाला इतकं अप्रूप की कागद कसले हे विचारायचं राहून गेलं.

सुरतेच्या कापडधंद्यातली ही जुनी रीत आहे, आजही मोडलेली नाही. माल शेठचा, नफा शेठचा, पण पेढी मात्र एखाद्या कामगाराच्या नावाने. कर भरायची वेळ आली की शेठ त्या पेढीला ओळख देत नाही. नानांचे वडील दिवसभर लूमवर उभे राहत आणि कागदोपत्री व्यापारी होते. विक्रीकराची वसुली निघाली ती सरळ त्यांच्या खोलीवर.

घर जप्त करायचं तर दारात ढोल वाजवून तसं जाहीर करावं असा नियम आहे. ढोल आला. नाना तेव्हा लहान होते. दारात ढोल वाजतो तो वरातीचा, एवढंच त्यांना माहीत. ते बाहेर धावले आणि ढोलासमोर नाचायला लागले. सगळी गल्ली बघत होती. वडिलांनी जन्मात कधी हात उगारला नव्हता, त्यांनी त्या दिवशी पोराच्या मुस्कटात मारली. मग ते शेठच्या बंगल्यावर गेले. फाटकावरच्या रखवालदाराने सांगितलं, शेठ पूजेला बसलेत. अंधार पडेपर्यंत शेठची पूजा चालली होती. दुसऱ्या दिवशीही पूजाच. खोली गेली.

"सही कर म्हने, मी करी दिन्ही," एवढंच वाक्य वडील पुढे आयुष्यभर म्हणत राहिले. आक्कांच्या लग्नात त्यांनी ढोल लावू दिला नाही. खानदेशात ढोलाशिवाय लेक सासरी जाते ती काहीतरी झाकून नेल्यासारखी, पण आक्का गेल्या. वडील वारले तेव्हा नाना कॉलेजात होते. त्यांनी आक्कांना शब्द दिला, की हाच ढोल जयंतीशेठच्या दारात वाजवीन, आणि शेठच्या जिवंतपणी वाजवीन.

माणसं मला सांगतात की सूड वाईट, माफ करावं, मन हलकं होतं. माफी हा भरल्या पोटाचा छंद आहे. ज्यांच्या दारात ढोल वाजलेला नाही त्यांनी खुशाल करावा.

नानांना फौजदारी वकिली शोभली असती. आवाज होता, अंगापिंडाने थोराड होते. पण त्यांनी करांचा कायदा घेतला, कारण शेठ त्याच रस्त्याने सापडेल हे त्यांनी हेरलं होतं. दिवसा एका पेढीवर हिशेब लिहायचे, संध्याकाळी लॉ कॉलेज. पुढे एवढं नाव झालं की रिंगरोडच्या मार्केटातले मोठमोठे व्यापारी त्यांच्या जिन्यात उभे राहत. प्रत्येकाला नानांचा पहिला प्रश्न एकच. "पेढी कोणाच्या नावाने?" ड्रायव्हरच्या, स्वयंपाकिणीच्या, गावाकडच्या कोणा गड्याच्या नावाने आहे असं निघालं की नाना घंटी वाजवून पाणी मागवत. "पाणी प्या आणि निघा. कर चुकवायचा तर स्वतःच्या नावाने चुकवा, मग मी तुमच्या बाजूने सुप्रीम कोर्टापर्यंत उभा आहे." भली मोठी फी अशी जिन्यावरून खाली जाताना मी स्वतः पाहिली आहे.

पाण्यावर त्यांचा भारीच विश्वास. उधना आणि कोसाडमधल्या आपल्या लोकांना ते सांगत, "कोणीही सही मागितली की आधी तांब्याभर पाणी मागायचं. ते पोटात जाईपर्यंत तरी माणूस विचार करतो." अजूनही तिकडे कर्जवाले एजंट घरोघर फिरतात तेव्हा घरातली बाई आधी स्वतः पाणी पिते. एजंट बिचारे समजतात, आपल्याला देईल.

त्यांचं वैर फक्त शेठपुरतं नव्हतं, ते घाऊक होतं. एका कर अधिकाऱ्याने ऐन सुनावणीत त्यांच्या गुजरातीची नक्कल केली होती. नानांच्या गुजरातीला खानदेशी बाज होता, हे खरंच. एका म्हाताऱ्या गुजराती मास्तरांकडे त्यांनी शिकवणी लावली. मग त्याच अधिकाऱ्यापुढे ते एवढ्या जड गुजरातीत बोलले की तो नुसता मान हलवत राहिला. शेवटी नानांनी हात जोडले, "साहेब, मी काय म्हणालो ते जरा सांगता? मला स्वतःलाच विसरायला झालंय." अधिकारी लालबुंद झाला. जिन्यातून खाली उतरताना नाना शीळ घालत होते.

त्यानंतर आम्ही लोचो, सुरतेचा तो वाफाळता डाळीचा पदार्थ, खायला गेलो. आयकर कचेरीसमोर एक गाडी होती, तिथे सगळे वकील उभ्याउभ्याने खायचे. नानांचा नियम कडक होता. लोचो खाताना कायद्याचा शब्द काढायचा नाही. मी एकदा एका अपिलाबद्दल विचारलं तर त्यांनी माझी पुडी काढून घेतली होती. "भिंतींना कान असतात, पोरी, आणि इथे तर भिंतीही नाहीत."

जयंतीशेठ दरम्यान लूमवरून मिलवर आणि मिलवरून अठवालाइन्सच्या बंगल्यावर गेला. आणि सुरतेत त्याच्या तब्येतीची काळजी नानांइतकी कोणी करत नव्हतं. शेठला साखर आहे असं कळलं तेव्हा नानांनी ओळखीच्या डॉक्टरला विचारून घेतलं, की माणूस किती ओढतो. दर श्रावणात ते कानबाईपुढे शेठच्या दीर्घायुष्यासाठी नारळ फोडत. शेठला हृदयाचा झटका आला तेव्हा नाना हॉस्पिटलच्या कॉरिडॉरमध्ये जाऊन बसले. शेठच्या सुनेला वाटलं कोणी जुने स्नेही असतील, तिने चहा पाजला. नाना म्हणाले, "बेन, त्यांना काही होता कामा नये. जे लागेल ते करा." ते अगदी मनापासून म्हणाले. परत येताना गाडीत मला म्हणाले, "आता मेला तर मला फसवून जाईल."

मग मंगलबाई आल्या. कोसाडच्या वसाहतीत राहणाऱ्या, नवरा गेलेला, शेठच्या मिलमध्ये कापडाच्या ताक्यांच्या घड्या घालायला जायच्या. हातात नोटीस. कसल्याशा कंपनीच्या मालकीण म्हणून त्यांच्याकडे एवढा कर मागितला होता की त्यांना तो आकडा वाचता येईना. मिलच्या मुनीमाने घरकुलाचं कर्ज काढून देतो म्हणून आधार कार्ड, फोटो आणि सह्या नेल्या होत्या. मंगलबाई रडल्या नाहीत. त्या चिडल्या होत्या.

"साहेब, मनी कंपनी कोठे शे ते तरी दखाडा," त्या म्हणाल्या. "मालकीन शे ना मी. एक डाव आत जाई येसू."

नानांनी त्यांना खुर्ची दिली. मग स्वतः उठून पाणी आणलं. मी एवढ्या वर्षांत त्यांना कोणासाठी पाणी आणायला उठलेलं पाहिलं नव्हतं. "बाई," ते म्हणाले, "कंपनी मी तुम्हाला दाखवतो. मालकही दाखवतो."

तो खटला काही वर्षं चालला आणि नाना त्यात म्हातारे झाले. त्यांनी बाकीची कामं कमी केली. कंपनीचा माल कोणाच्या गोदामात उतरायचा, ट्रकवाल्याला भाडं कोण द्यायचं, पैसा फिरून कोणाच्या घरात यायचा, हे त्यांनी एकेक माणूस उभा करून दाखवलं. शेठतर्फे अहमदाबादचे एक मोठे वकील यायचे, इस्त्रीची घडी न मोडणारे. नाना त्यांच्याशी फार आदराने वागत. नाना कोणाशी फार आदराने वागायला लागले की मी समजून जायचे, समोरच्याचं काही खरं नाही. शेवटी निकाल लागला. मंगलबाई सुटल्या, कर शेठच्या डोक्यावर बसला. शेठने तो भरला नाही, भरणारही नव्हता. वसुली अधिकाऱ्याने बंगला जप्त केला.

पण कसा केला? पहाटे दोन माणसं आली, फाटकावर एक कागद चिकटवला आणि निघून गेली. दूधवाल्यालाही पत्ता लागला नाही. हल्ली असंच करतात. ढोल नियमात आहे, पण वाजवतो कोण? श्रीमंताच्या दारात तर कोणीच नाही. नाना त्या दिवशी ऑफिसात जेवले नाहीत. डबा तसाच परत गेला. जयंतीशेठ आता अंथरुणाला खिळत चालला होता आणि नानांच्या स्वतःच्या पोटात डॉक्टरांनी गाठ सांगितली होती. दोघांपैकी आधी कोण जातो, एवढाच प्रश्न उरला होता.

मी म्हटलं, "नाना, आपण अर्ज करू. ढोल वाजवा म्हणून."

"आपण करायचा नाही," नाना म्हणाले. "आपण मागितला तर तो सूड दिसेल."

"मग काय दिसायला हवं?"

"कायदा."

दोन-तीन दिवसांनी ते मला म्हणाले, चल, लोचो खाऊ. त्यांना तिखट चालत नव्हतं, तरी गेलो. गाडीपाशी त्या अहमदाबादच्या वकिलाचा ज्युनिअर पाठ करून उभा होता. नानांनी पुडी हातात घेतली आणि कधी नव्हे ते मोठ्या आवाजात मला झापायला सुरुवात केली.

"तुला एवढंही कळत नाही? जप्ती जाहीर करताना ढोल वाजवला का? नाही वाजवला. नियमात स्पष्ट आहे. उद्या कोणी हा मुद्दा काढला तर अख्खी जप्ती पडेल. झालं ते झालं, पण आता याबद्दल कुठे ब्र काढू नकोस."

त्यांचा आवाज रस्त्यापलीकडच्या पानवाल्यापर्यंत गेला. मी त्यांच्याकडे बघतच राहिले. लोचो खाताना कायदा काढणारा हा माणूस मला अनोळखी होता. मग त्यांनी माझ्या पुडीवर थोडी शेव घातली आणि मला कळलं. मी मान खाली घालून "चुकले नाना" म्हटलं, तेही पानवाल्याला ऐकू जाईल असं. ज्युनिअरने अर्धी पुडी टाकून दिली आणि फोन कानाला लावत निघून गेला. मला त्या दिवसाची लाज वाटायला हवी असं एक-दोघांनी सुचवलं आहे. वाटत नाही.

महिनाभरात शेठच्या वकिलांनी अर्ज केला, की ढोल न वाजवता केलेली जप्ती बेकायदा आहे. ते फार छान बोलले म्हणतात. जप्ती रद्द झाली. बंगल्यावर पेढे वाटले गेले, त्यातला एक डबा टोमणा म्हणून आमच्या ऑफिसातही आला. नानांनी स्वतः पेढा खाल्ला आणि मला भरवला. निकालाच्या शेवटी एकच ओळ होती, की वसुली अधिकाऱ्याने जप्ती नियमाप्रमाणे नव्याने करावी. भर निकालात नाक कापलं गेल्यावर कुठला अधिकारी नियम सोडेल?

सरकारी कचेरीत ढोल नसतो. शिपायाला उधन्याला पाठवलं. तिथून आला तो कानबाईत वाजवणारा आमचाच माणूस. या वेळी भर दुपारी गाड्या आल्या, पंच आले. अठवालाइन्सच्या त्या गल्लीत, जिथे कुत्रीही हळू भुंकतात, ढोलावर थाप पडली. त्याला वाजवता येत होतं ते कानबाईचं, मग त्याने तेच लावलं. अधिकारी म्हणाला, जरा गंभीर वाजव. तो म्हणाला, "साहेब, गंभीर माले येत नही."

गॅलऱ्या भरल्या. मोलकरणी, ड्रायव्हर, शेजारच्या शेठाण्या सगळे बाहेर आले. समोरच्या बाजूला आमची गाडी उभी होती. नाना, आक्का आणि मी. पहिल्या थापेला नानांचा हात सवयीने दाराच्या कडीकडे गेला. मी म्हटलं, झालं, आता निघाले उलट्या दिशेने. ते उतरले, पण गाडीला टेकून तिथेच उभे राहिले. बारीक झाले होते, सदरा अंगावर लोंबत होता.

आक्का आतून म्हणाल्या, "मना लगीनमा नही वाजना. आते वाजी ऱ्हायना. नाच ना रे भाऊ."

नाना नाचले नाहीत. त्यांचा उजवा पाय मात्र ठेका धरत होता. मी पाहिलं.

तेवढ्यात चाकाच्या खुर्चीवरून जयंतीशेठला व्हरांड्यात आणलं. अंगाने संपलेला, पण डोळे शाबूत. त्याने ढोल पाहिला, अधिकारी पाहिला, गॅलऱ्यांमधली माणसं पाहिली आणि खाली मान घातली. मला दया आली नाही. नाना फाटकातून सरळ आत गेले, मी मागे. या वेळी रखवालदाराने पूजा चाललीय असं काही सांगितलं नाही. नाना शेठसमोर उभे राहिले आणि त्यांनी वडिलांचं नाव सांगितलं, उधन्यातल्या लूमचं ठिकाण सांगितलं. शेठने बराच वेळ विचार केला. तो खोटं बोलत नव्हता, खरंच आठवून पाहत होता.

"नाम याद नथी, भाई," तो म्हणाला. "एवां तो घणां नाम हतां."

अशी तर पुष्कळ नावं होती.

मला वाटलं, नाना कोसळतील. ज्याच्यासाठी माणसाने आयुष्य घातलं त्याला नावही आठवू नये. नाना वळले आणि फाटकाबाहेर आले. ढोलवाला थांबत होता, त्याला हाताने खूण केली, वाजव. गाडीत बसल्यावर त्यांनी डोळे मिटले.

"ऐकलंस ना?" ते म्हणाले. "पुष्कळ नावं. मी एकाच नावाचा ढोल वाजवला."

नंतरचे चार-पाच महिने ते घरी पडून होते आणि घराचं ऑफिस झालं. उधना, कोसाड, पांडेसरा, जिथून म्हणून कोणी नोटीस घेऊन येईल त्याला नाना खाटेजवळ खुर्ची देत. फी नाही. बोलायचं त्राण संपलं तेव्हा ते नुसतं बोट दाखवत, आधी पाण्याकडे आणि मग माझ्याकडे. जयंतीशेठ त्यांच्या आधी गेला. बातमी मीच सांगितली. नाना म्हणाले, "ऐकून गेला," आणि कूस वळवून झोपले. नाना गेले तेव्हा आक्कांनी कोणाचं ऐकलं नाही. अंत्ययात्रेपुढे उधन्याचा तोच ढोलवाला वाजवत चालला, आणि या वेळी नानांना उलट्या दिशेने जाता आलं नाही.

आता त्यांच्या खुर्चीत मी बसते. व्यापारी जिन्यात उभे असतात, मी पहिला प्रश्न तोच विचारते, आणि पाण्याचा जग भरलेला असतो. लोक म्हणतात, बाई फार कडवट आहेत. ढोलवाल्याचा नंबर माझ्या फोनमध्ये आहे. गेल्या महिन्यात कोसाडच्या एका रिक्षावाल्याच्या नावाने पेढी चालवणाऱ्या एका शेठच्या बंगल्यावर जप्ती गेली, नियमाप्रमाणे, भर दुपारी. मी समोरच्या फुटपाथवर उभी होते, शेजारी तो रिक्षावाला. मला नाचता येत नाही, माझ्या लग्नातही मी नाचले नव्हते. ढोलवाल्याने मला ओळखलं आणि कानबाईचा ठेका धरला. मी काळा कोट काढून रिक्षावाल्याच्या हातात दिला आणि नाचले.